तान्ह्या पोळ्यातला बोकड

नलू, भुऱ्या बोकड आणि काल्या कुत्रा ही तिघांची टोळी. काल्या धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, राखण करायचा, भुऱ्या शेजारच्या नत्थूजीच्या कुंपणाला शिंगांनी भोक पाडायचा आणि मागून नलू भुईमुगात घुसायची. मार मात्र एकटी नलूच खायची.

एकोणऐंशीच्या पोळ्याला तिचा बाप किसनराव म्हणाला, "उद्या जावई येऊन राह्यले. करीले भुऱ्या कापू."

पोळ्याचा दुसरा दिवस म्हणजे कर. त्या दिवशी लेकरं लाकडी नंदी घेऊन तान्ह्या पोळ्याच्या तोरणाखाली उभी राहतात, आणि त्याच दिवशी घरोघरी मटण शिजतं. एका हाती आरती, दुसऱ्या हाती सुरी. त्यात कोणाला काही वावगं वाटत नसे.

नलू रडली नाही. बैलाचं बाशिंग तिनं भुऱ्याच्या शिंगांना बांधलं, अंगावर पोत्याची झूल टाकली आणि त्याला नेऊन लाकडी नंदींच्या रांगेत उभं केलं. जोडी हवी म्हणून शेजारी काल्या.

आरती घेऊन आलेल्या यशोदाबाई थबकल्या. "काऊन वं पोट्टे, हा कोणता बैल?"

"गावरानी हाय, काकू!"

सगळे खदखदून हसले. हसता हसता यशोदाबाईंनी भुऱ्याच्या पायांवर पाणी घातलं, कुंकू लावलं, हात जोडले. नैवेद्याची पोळी काल्यानं पळवली.

तेवढ्यात किसनराव दोर घेऊन आला.

"पूजलेला बैल कापता काय, बाबा?" नलू ओरडली.

"बोकड हाय तो, बयताड!"

"कुंकू लागलं, किसनराव," नत्थूजी म्हणाला. "आता सुरी लावली त पाप गावावर येईन."

"अन् तुमचा म्हातारा बैल? मागच्या साली पोळ्यात पूजला, अन् मंग कोणाले इकला? कसायालेच ना?"

नत्थूजी चपलेकडे पाहू लागला. तिथल्या निम्म्यांनी तेच केलं होतं.

"त्यायचं पाप त्यायले," यशोदाबाई म्हणाल्या. "मी ज्याच्या पाया पडली, त्याचं मटण आज शिजू देणार नाई."

किसनरावानं नलूच्या पाठीत धपाटा घातला आणि दोर फेकला. "जावयाच्या ताटात काय वाढू आता?"

"वांगे हायेत ना," नलू म्हणाली.

जावयानं वांगी निमूट खाल्ली. यशोदाबाई 'आज' म्हणाल्या होत्या, हे नलूनं बरोबर ऐकलं होतं. दुसऱ्या दिवशी बाप उठायच्या आत तिनं आईच्या करंड्यात बोट बुडवलं आणि भुऱ्याला पुन्हा कुंकू लावलं. तिसऱ्या दिवशीही. आईनं पाहिलं, आणि करंडा खालच्या फळीवर ठेवला.