पुसून भरलेला पूर

साताऱ्याची ज्ञानदा पदार्थविज्ञानात एम.एस्सी. झाली, तेव्हा घरच्यांना वाटलं होतं की पोरगी आता एखाद्या प्रयोगशाळेत बसेल. प्रत्यक्षात ती सांगलीच्या वरच्या अंगाला, कृष्णाकाठच्या एका गावात, गवंडी वापरतात तसली पाण्यानं भरलेली पारदर्शक नळी घेऊन घरोघर हिंडत होती. पुराच्या खुणा मोजायचं काम. नळीचं एक टोक या घरच्या रेघेला लावायचं, दुसरं समोरच्या. नळीतलं पाणी दोन्हीकडे एकाच पातळीला उभं राहतं. एकोणीस सालच्या पुराची गढूळ रेघ कुणाच्या कोनाड्यात होती, कुणाच्या दाराच्या कडीशी, पण साऱ्या गल्लीत पातळी एकच.

रेघ मोजून झाली की त्या घरच्या माणसांची गोष्ट ती टेपवर भरून घ्यायची. मोबाइल पुढे धरला की म्हातारी माणसं अवघडायची, टेपरेकॉर्डर दिसला की खुलायची. तिचा टेपरेकॉर्डर रहिमतपूरच्या नाथाजी मिस्त्रींनी आतली तार स्वतः गुंडाळून बनवलेला होता. भरलेल्या कॅसेटवर पुन्हा भरू नकोस, एवढंच ते देताना म्हणाले होते. आवाज खराब होत असेल, असं ती धरून चालली.

याच गल्लीतल्या आप्पासाहेबांची गोष्ट तिनं कालच भरली होती. पाच सालच्या पुरात पाणी त्यांच्या गोठ्याच्या ओट्याखालीच थांबलं होतं. म्हणून एकोणीसला नाव आली, तेव्हा त्यांनी चंद्री म्हैस ओट्यावर चढवली, खुंट्याला दुहेरी गाठ मारली आणि निर्धास्त नावेत बसले. बाकीचे लोक जनावरांची दावी कापून त्यांना सोडून देत होते. म्हैस पोहत कुठंतरी काठाला लागते, हे त्यांना ठाऊक होतं. आप्पा त्यांना हसले. पाणी जुन्या रेघेच्या कितीतरी वर गेलं. ओसरल्यावर चंद्री दाव्यालाच सापडली.

आज आप्पांनी तिला परत बोलावलं. काल नीट सांगता आलं नाही, ते पुसून नव्यानं भर म्हणाले. समोरच्या मनुबाई चहा घेऊन आल्या होत्या. एकोणीसच्या पुरात त्या नावेत चढायला तयार झाल्या नव्हत्या. माळ्यावर बसून राहिल्या आणि पाणी फळ्यांच्या हातभर खाली थांबलं.

"आवं आप्पासाब," कप ठेवत त्या म्हणाल्या, "म्हशीची गोष्ट सांगताय का दरसाली तिचं सुतक पाळताय? पोरीला च्या तरी पिऊ द्या."

"तुमी जावा बरं तुमच्या घरी," आप्पा म्हणाले. मनुबाई हसत गेल्या.

ज्ञानदानं कॅसेट मागे नेली आणि बटण दाबलं. या खेपेला आप्पांनी पाणीच खाली ठेवलं. पाच सालासारखंच ते ओट्याखाली थांबलं, म्हणाले, आणि मी परत आलो तवा चंद्री रवंथ करत हुती.

भिंतीवरची रेघ सरकली. ज्ञानदा तिकडेच पाहत होती, म्हणून तिला ते दिसलं. ओल उतरावी तशी रेघ सावकाश उतरत गेली आणि ओट्याखाली थांबली. वरचा गिलावा कोरा, चुना कधी भिजलाच नव्हता असा. गोठ्यातून हंबरण्याचा आवाज आला.

आप्पा धावले. चंद्री उभी होती, थोडी म्हातारी झालेली, कपाळावर पांढरा ठिपका. त्यांनी तिच्या गळ्यात हात टाकले. ज्ञानदानं तिच्या पाठीला हात लावून पाहिला. ऊन होती. कातडीखाली श्वास चालू होता. ज्ञानदाचा जीव भरून आला.

मग सवयीनं तिनं नळी उचलली. एक टोक आप्पांच्या रेघेला धरलं आणि दुसरं घेऊन गल्ली ओलांडली. समोरची, मनुबाईंच्या घरची रेघ नळीतल्या पाण्याच्या खूप वर होती. म्हणजे त्या पुरात या अरुंद गल्लीतलं पाणी उतरतं उभं राहिलं होतं. असं पाणी जगात कुठं उभं राहत नाही. इथून जेवढं काढलं, तेवढं तिथं चढलं होतं. रेघ माळ्याच्या फळ्यांवरून थेट कौलांना भिडली होती.

दाराला कुलूप होतं. मनुबाईंची सून मंगल शेजारच्या खोलीतून बाहेर आली. ज्ञानदानं विचारल्यावर तिला नवलच वाटलं. आत्याबाई पुरातच गेल्या की, ती म्हणाली, तुम्हाला कालच सांगितलं न्हाई का?

आप्पांच्या ओट्यावर मनुबाईंनी आणलेला कप नव्हता. चहा कसा होता, हे मात्र दोघांनाही आठवत होतं.

ज्ञानदानं नळी पुन्हा धरून आप्पांना दाखवली. आप्पा बराच वेळ चंद्रीजवळ बसून राहिले. तिला कडबा घातला, पाणी दाखवलं. मग म्हणाले, "भर परत."

ज्ञानदानं चाचरत सुचवलं, की पाणी जिथल्या तिथं ठेवून चंद्री वाचली, एवढंच सांगितलं तर?

"ती वाचली का न्हाई, ते तिचं," आप्पा म्हणाले. "पान्याचं पान्याला. माझ्या हातात काय हुतं, तेवढंच मी सांगनार."

त्यांनी सांगितलं. पाणी जेवढं चढलं होतं तेवढं चढवलं, हातचं राखलं नाही. नाव दाराशी आली, इथवर येऊन ते थांबले. कॅसेट फिरत राहिली. इतकी वर्षं ते पाण्याला बोल लावत आले होते. मग हलक्या आवाजात म्हणाले, "म्या इळा घेतला. दावं कापलं. म्हनलं, जा बाई."

रेघ चढली. चढताना ओली होती. गाळाचा वास अंगणभर पसरला आणि विरला. समोरच्या घरात भांडं आदळलं आणि मनुबाई कुणावर तरी करवादल्या. आप्पांनी डोळे मिटून ते ऐकून घेतलं.

गोठा रिकामा होता. खुंट्याला दाव्याचा तुकडा लोंबत होता, टोक विळ्यानं कापलेलं. आप्पांनी ते टोक बोटांनी चाचपलं. मग ते नदीच्या वाहत्या अंगाला बघू लागले. तिकडं काठानं गावामागून गावं होती.

"कुनाच्या तरी गोठ्यात असंल," ते म्हणाले आणि वहाणा शोधू लागले. "शिंगं मी वळखतो. येतीस का?"