डावी बाजू वर

"ही सगळी माणसं मेलेली आहेत," मोरिनागा तुटक्या इंग्रजीत म्हणाले आणि छपाईला तयार असलेली पानं त्यांनी टेबलावर पालथी घातली.

उत्तरा चपापली. अमेरिकेतल्या वेस्ट विंडसरच्या त्या छोट्या प्रकाशनसंस्थेत तीन आठवडे खपून तिनंच ती पानं कॉम्प्युटरवर फिरवली होती. जपानी चित्रकथा उजवीकडून वाचतात, अमेरिकन वाचक डावीकडून. म्हणून प्रत्येक चित्र आरशात दिसावं तसं उलटवायचं. २००४ सालीही काही जण तसंच करत.

मोरिनागा एकाहत्तर वर्षांचे. चाळीस वर्षं त्यांनी फक्त मारामारीच्या चित्रकथा काढल्या. तलवारी, घोडे, छपरांवरचे पाठलाग. धावणाऱ्याचा पाय जमिनीवरून नेमका केव्हा सुटतो हे कळावं म्हणून हा गृहस्थ दोन वर्षं एका शाळेच्या मैदानाबाहेर वही घेऊन बसला होता. जपानबाहेर मात्र त्यांचं एकही पुस्तक आलं नव्हतं. हे पहिलं, आणि या वयात बहुधा शेवटचं. करारावर सही तेवढी बाकी होती.

त्यांनी एक पान सुलटं करून नायकाच्या गळ्याशी बोट ठेवलं. जिवंत माणूस किमोनोची डावी बाजू वर घेतो, त्यांनी सांगितलं. उजवी वर येते ती फक्त प्रेताच्या अंगावर.

हे आपल्या हातून झालं, याची उत्तराला मनापासून लाज वाटली.

संस्थेचा मालक कुमार पुण्याचा, व्यवहाराला पक्का. नुसते गळे दुरुस्त करू, तो म्हणाला. मग तलवार डाव्या हातातच राहते, हे म्हाताऱ्यानं शांतपणे दाखवून दिलं. तसं असेल तर पुस्तक निघणार नाही, असं कुमारनं स्पष्टच सांगितलं. मोरिनागांनी पेनाला टोपण लावलं.

"माझा नायक तुमच्या देशात अनोळखी राहील," ते म्हणाले. "पण जिवंत राहील."

कुमार मराठीत पुटपुटला, "उत्तरा, तू समजाव ना यार यांना. उलटं पुस्तक दुकानवाले सरळ रिटर्न करतील."

"बाबांच्या श्राद्धाला दादानं जानवं डाव्याऐवजी उजव्या खांद्यावर घेतलं होतं," उत्तरा म्हणाली. "मुंजीच्या अल्बममध्ये तुझ्या मुलाचा तसा फोटो लावशील का तू?"

कुमारनं टेबलावरची पानं गोळा केली. मग म्हणाला, उजवीकडूनच छापू. अमेरिकन माणूस जिथून उघडेल तिथे 'हा शेवट आहे, पलीकडून सुरू करा' अशी सूचना टाकू.

उत्तरानं लगेच फाइल उघडली. मोरिनागा खुर्ची ओढून तिच्या शेजारी बसले. पहिलं पान फिरलं. नायकाची तलवार उजव्या हातात आली, किमोनोची डावी बाजू वर आली. म्हाताऱ्यानं पडद्याकडे बघून किंचित मान झुकवली, घरी परतलेल्या माणसाला करावी तशी. तिला त्यांचा विलक्षण अभिमान वाटला.

दुपार उलटून गेली तेव्हा तिनं विचारलं, थोडं थांबायचं का, चहा घेऊ.

"नको," अजून उलट्याच असलेल्या पानांकडे बोट करून ते म्हणाले. "बाकीचे वाट बघतायत."