इंजिनआबा वर आले

बंदरात सगळे त्यांना इंजिनआबा म्हणत. मोठ्या जहाजांना ढकलून, ओढून धक्क्याला लावणारी जी बुटकी, दणकट बोट असते ना, टग, तिच्या पोटात इंजिनापाशी आबांचं अख्खं आयुष्य गेलं होतं. टग चालवायची त्यांची सून. मुलाला बोटीत पाय ठेवला की मळमळायचं, म्हणून तो बँकेत चिकटला. समुद्राचं वेड घेऊन घरात आली ती सून. घरी ती म्हणायची, "मामंजी, जेवायला बसा." टगवर मात्र ती कप्तान आणि हे हुकमाचे ताबेदार. "घरी मी सासरा, पाण्यावर ही सासू," असं आबा ज्याला त्याला सांगत आणि समोरच्याच्या आधी स्वतःच हसत.

जहाजं बघायची आबांना कधी हौस वाटली नाही. काम चालू असताना इंजिन सोडून वर जायचं नाही, हा त्यांचा दंडक. हात पुसून वर येईपर्यंत जहाज मागे पडून खेळण्याएवढं झालेलं असायचं. "लोखंडच ना शेवटी? खाली माझ्याकडे काय कमी आहे?" असं म्हणून ते मोकळे होत.

त्या वर्षी त्यांच्या बंदरात निरनिराळ्या देशांची आरमारं एकत्र सरावासाठी जमणार होती. सकाळपासून एकेक युद्धनौका आत यायला लागली. सून वरून इंटरकॉमवर सांगत होती, आबा खालून इंजिनाची ओढ कमीजास्त करत होते.

"मामंजी, आता सुरुंग काढणारी येतेय. जरा जपून हं, अंग लाकडाचं आहे."

"लढाईच्या बोटीला लाकूड?"

"पाण्यातल्या सुरुंगाला लोखंडाची चाहूल लागली की तो फुटतो. म्हणून लोखंड टाळलंय."

आबा इंजिनाकडे बघून पुटपुटले, "ऐकलंस का? तुला तिथे नोकरी नाही मिळायची."

मग आल्या कॉर्व्हेट, छोट्या आणि चपळ. हात लावला न लावला तोच वळायच्या. त्यांच्यामागून फ्रिगेट आल्या. सुनेनं सांगितलं, या ताफ्याभोवती फिरून पाणबुड्या हुंगत बसतात. दुपारी विनाशिका आली तेव्हा इंजिनाचा सूरच खाली उतरला. आबांनी मान डोलावली. "ही अंगानं भरलेली आहे." तिच्या मागोमाग एक तेलवाहू जहाज आलं. बाकीच्या जहाजांना भर समुद्रात तेल, पाणी, धान्य पुरवणारं. आबांना ते सगळ्यात आवडलं, न बघताच. "ताफ्याची आई आहे म्हण की," ते म्हणाले.

"आता शेवटची," सून म्हणाली आणि थोडी थांबली. तिचा आवाज बदलला होता. "विमानवाहू. मामंजी, इंजिन नीट बघून घ्या."

विमानवाहूला वळवायला बंदरातल्या सगळ्या टग लागल्या होत्या. आबांची टग तिच्या कुशीला नाक लावून उभी राहिली. तेवढ्यात समुद्रावरून वारा उठला. त्या जहाजाची बाजू म्हणजे एवढं मोठं शीड, की वाऱ्यानं ते धक्क्याकडे सरकायला लागलं. टग धक्का आणि जहाज यांच्या मध्ये होती.

"पूर्ण जोर! मामंजी, आहे तेवढा सगळा!"

आबांनी दिला. टगचा सांधा न् सांधा थरथरायला लागला. आणि तापमानाचा काटा चढायला लागला. इंजिन थंड ठेवणारं समुद्राचं पाणी येईना. गाळणीत काहीतरी अडकलं होतं.

"सूनबाई, इंजिन तापतंय!"

"आता सोडलं तर आपला चुरा होईल!"

दुसरी गाळणी होती, पण तिच्याकडे पाणी वळवायचा चाकासारखा व्हॉल्व्ह गंजून घट्ट बसला होता. आबांनी त्यात लांब पाना अडकवला आणि अंगाचा सगळा भार टाकला. हलेना. पुन्हा टाकला. तळहाताची साल निघाली. "हल की रे मुडद्या!" असं ओरडून त्यांनी पाय भिंतीला लावले, आणि व्हॉल्व्ह कर्रकन फिरला. पाण्याचा खळाळ ऐकू आला. काटा जागीच थबकला, मग हळूहळू उतरला.

वर जहाजही थबकलं. मग वारा ओसरला, टग मधून निघून दुसऱ्या कुशीला आली आणि जहाज इंचाइंचानं सरकत सावकाश धक्क्याला टेकलं.

थोड्या वेळानं इंटरकॉम वाजला. "मामंजी, वर या."

"इंजिन चालू आहे."

"खलाशाला खाली पाठवते. तुम्ही वर या."

"अगं, पण..."

"कप्तानाचा हुकूम आहे."

आबा कुरकुरत शिडी चढले. दारातून बाहेर आले आणि बावरून उभे राहिले. समोर एक राखाडी भिंत होती. उजवीकडे बघितलं तरी भिंत, डावीकडे बघितलं तरी भिंत. वर बघता बघता डोक्यावरची टोपी मागे पडली, तरी आभाळ दिसेना. तिथे भिंतच बाहेर झुकून छपरासारखी झाली होती.

"जहाज कुठे आहे?" त्यांनी विचारलं.

"हेच की."

आबा टगच्या नाकापर्यंत गेले आणि सोललेला हात त्या पोलादावर ठेवला. पोलाद थरथरत होतं, अगदी बारीक, झोपलेल्या जनावरासारखं. आत कुठेतरी इंजिनं चालू होती. त्यांच्याजवळ माणसं असणार, तेलानं माखलेली.

"किती माणसं राहतात गं हिच्यात?"

"एक गाव म्हणा. स्वयंपाकघरं, दवाखाना, सगळं आहे. आणि माथ्यावर विमानं."

टग मागे हटायला लागली. नेहमी जहाज लहान होत जातं, हे मोठंच होत गेलं. आधी भिंत, मग तिचा काठ, मग त्याच्यावरची विमानं, मग त्यांच्याही वर मनोरा आणि फिरते रडार. आणखी मागे आल्यावर सगळं आरमार एकदम नजरेत आलं. दिवसभर ज्यांना त्यांनी आंधळेपणानं ढकललं होतं, त्या सगळ्या रांगेत उभ्या होत्या, धारदार नाकांच्या, गप्प. आबांनी टोपी उचलून घातली आणि पुन्हा काढली.

"हे सगळं माणसांनी केलं," ते म्हणाले. "आणि बुडवायलाही माणसंच."

त्यानंतर आबा दर फेरीला वर यायला लागले. हाताला पट्टी बांधलेली होती, त्यामुळे कारण आयतंच होतं. सराव सुरू झाला त्या दिवशी टगला एका पाणबुडीसोबत खोल पाण्यापर्यंत जायचं होतं. काळी, लांबट पाठ टगच्या पुढे चालली होती. तिच्यावरचा एकजण हात हलवून आत गेला, झाकण बंद झालं. मग पाठीवरून पाणी वाहायला लागलं, मनोरा बुडाला, काठीसारखं काहीतरी राहिलं, तेही गेलं. समुद्र मिटला. जणू तिथे कधी काही नव्हतंच.

आबा कठड्याला धरून त्या सपाट पाण्याकडे बघत राहिले.

"चला, मामंजी, वळवते आता!" सुनेनं वरून हाक मारली.

आबांनी ओठांवर बोट ठेवलं.

"हळू बोल, सूनबाई," ते म्हणाले. "खाली माणसं आहेत."