मौलाचा कर्णा

मित्रांनो, मी एक जुना कर्णा आहे. महाभारतातला तो कर्ण नव्हे. जीपच्या टपावर बांधतात ना, धोतऱ्याच्या फुलासारखं तोंड असलेला, तो मी. तुम्हांला माझी गोष्ट सांगावी असं फार दिवस मनात होतं, पण ती मलाच नीट कळलेली नाही. बघा तुम्हांला कळते का.

कोल्हापुरातल्या एका कारखान्यात फिरत्या साच्यावर पत्रा दाबून मला घडवलं. हुपरीजवळच्या एका गावातल्या, लाऊडस्पीकर भाड्यानं देणाऱ्या मौलानं मला घेतलं, निळा रंग दिला आणि कडेला पांढऱ्या अक्षरांत आपलं नाव लिहिलं. सुरुवातीला मी बारशाची, लग्नाची गाणी वाजवली, कुस्तीच्या मैदानात पैलवानांची नावं पुकारली. मग निवडणूक आली आणि माझा गोंधळ सुरू झाला.

सकाळी भाड्याच्या जीपला एक झेंडा असायचा. मौला माइकवर सांगायचा की अमक्यांना निवडून द्या, समोरचा माणूस कामाचा नाही. दुपारी जेवून आलो की जीप तीच, मौला तोच, झेंडा मात्र दुसरा! आता तो समोरचाच माणूस फार कामाचा झालेला असायचा. मी दोन्ही सारख्याच दमानं सांगायचो. पोरं जीपमागं धावायची, लोक म्हणायचे, मौलाचा कर्णा पार मळ्यापर्यंत ऐकू येतो. मला बरं वाटायचं. पण मी नेमका कुणाच्या बाजूचा, हे काही उमजायचं नाही.

वर्षं गेली. ज्या दोन पुढाऱ्यांनी माझ्यातून एकमेकांचा उद्धार केला, त्यांनीच पुढच्या खेपेला माझ्यातून एकमेकांना भाऊ म्हटलं. त्याच्या पुढच्या खेपेला पुन्हा बिनसलं. मध्येच आमच्या लोकसभा मतदारसंघाचं नावही बदललं. इचलकरंजी म्हणायची सवय झालेली, आता हातकणंगले म्हणायचं होतं. पहिल्या दिवशी मौलाच्या तोंडून जुनंच नाव गेलं आणि पारावरची माणसं हसली. गाव तर जागचं हललं नव्हतं, मग ते एका नावातून दुसऱ्या नावात गेलं कसं?

माझ्याइतकीच गोंधळलेली आणखी एक व्यक्ती गावात होती, धोंडुबाई. तिला वाचता येत नव्हतं. ती चिन्ह बघून शिक्का मारायची, पुढं यंत्र आलं तेव्हा चिन्ह बघून बटण दाबायची. मतदान तिनं कधी चुकवलं नाही. गेल्या लोकसभेला तिचा पक्ष फुटला आणि दोन तुकडे दोन चिन्हांवर उभे राहिले, एक छत्रीवर, दुसरा टेबलावर. दोन्हीकडच्या कागदांवर फोटो एकाच जुन्या पुढाऱ्याचा. तिनं भर रस्त्यात जीप थांबवली आणि यातला आपला कोणता, म्हणून मौलाला विचारलं. मौला त्या दिवशी छत्रीवाल्यांकडून आलेला. तरी त्यानं सांगितलं की मावशी, दोघंही पक्ष आपलाच म्हणत्यात, ते तुम्हीच ठरवायचं. ती पुटपुटत निघून गेली.

प्रचाराचा शेवटचा दिवस उजाडला. दुपारी छत्रीवाल्यांचा गावातला कार्यकर्ता धैर्यशील घाईघाईनं जीपमध्ये येऊन बसला. टेबलाच्या उमेदवारानं छत्रीला पाठिंबा दिलाय, असं पुकार, म्हणाला. मौलानं विचारलं, कुणी सांगितलं? धैर्यशील म्हणाला, सांगायचं कुणी कशाला, संध्याकाळपर्यंत लोकांनी मानलं म्हणजे झालं.

मौलानं माइक मांडीवर ठेवला. माझ्या अंगातून वीज घुंऽऽ करत होती.

“मौलाभाई, गाडीचं भाडं आमचं, बोलणं आमचं. तू नुसतं बोलायचं.”

मौलानं माइक तोंडाशी नेला. मी तयार झालो. माझं काम तेवढंच होतं.

“गावकरी मंडळी, ऐका,” मौला म्हणाला. “मला आत्ता एक बातमी पुकारायला सांगितली हाय. ती मला खरी वाटंना. म्हणून मी ती पुकारत न्हाय. छत्री बी उभी हाय, टेबल बी उभं हाय. ज्याला जे पटंल त्यानं ते बघावं.”

धैर्यशीलनं वायर उपटली. माझं बोलणं तिथंच तुटलं. त्यानं दोरी सोडून मला टपावरून खाली ढकललं. मी दगडावर आपटलो आणि माझं तोंड एका बाजूनं चेपलं. मौलानं मला उचललं, खांद्यावर घेतलं आणि आम्ही चालत घरी आलो.

तेव्हापासून मौलाला प्रचाराला कुणी बोलावत नाही. ना छत्रीवाले, ना टेबलवाले. आता स्पीकरची काळी खोकी येतात आणि त्यांतून कुणा लांबच्या माणसाचा भरून ठेवलेला आवाज येतो. मी गोठ्याच्या पत्र्याखाली पडून असतो. मौलाची बायको शहाजादी कधीतरी माझ्यावर ओलं फडकं वाळत घालते. चिमण्यांनी माझ्या तोंडात काड्या भरल्या आहेत.

मतदानाच्या दुसऱ्या दिवशी धोंडुबाई घरी आली होती. शहाजादीनं चहा ठेवला. धोंडुबाईनं चहा संपवला. मग मौलाला म्हणाली, “मी मत छत्रीलाच घातलं, बाबा. घालणारच हुते. पर तू ते खोटं पुकारलं असतंस, तर माझा इस्वास उडाला असता, मग घातलं नसतं.”

मौला हसला. हसता हसता त्यानं डोळे पुसले. धैर्यशीलला मात्र हे कधीच कळलं नाही.

मित्रांनो, यातून काय शिकायचं ते मला विचारू नका. मी आयुष्यभर दुसऱ्याचं बोललो. कर्ण्यातून आवाज मोठा येतो, खरा येतोच असं नाही. म्हणून माझ्यासारखा कुणी तुमच्या दारावरून ओरडत गेला, तर त्याच्याकडं बघू नका. वायर कुठं जाते आणि माइक कुणाच्या हातात आहे, ते बघा. त्या हाताला जपा. मला नुसतं पुसून ठेवलंत तरी पुष्कळ झालं, आणि पुसताना चिमण्यांची पिल्लं उडून गेलीत ना, एवढं आधी बघा.