लतिका हजर आहे

माझी अडीच वर्षांची मुलगी भलत्याच नावाला ओ देते, हे मला एका रविवारी सकाळी कळलं.

आमच्या घरमालकीण सिंधूताई ओसरीवर तांदूळ निवडत बसल्या होत्या. त्यांची भाची लतिका वर्ध्याहून चार दिवसांसाठी आली होती. "लतिका, सूप आण वं!" अशी सिंधूताईंनी आत हाक मारली. माझ्या मांडीवर बसलेली तारा एकदम ताठ झाली, उजवा हात वर करून म्हणाली, "हजल, बाई!"

सगळे हसले. मीही हसले. मग माझ्या लक्षात आलं की ताराला शाळा माहीत नाही. हजेरी म्हणजे काय हे तिला घरात कुणी सांगितलेलं नव्हतं.

दुपारी ती ठोकळ्यांशी खेळत असताना मी तिच्या मागे बसून एकेक नाव घेतलं. शोभा. पुष्पा. विजया. तिनं मान वळवली नाही. तारा म्हटल्यावर "काय?" आलं. लतिका म्हटल्यावर हात वर गेला. थोड्या वेळानं नावांचा क्रम बदलून पुन्हा पाहिलं, तरी तेच.

"मूल दुसऱ्या कोणाले द्यायचं असलं ना वं अरुंधती, तर आधी त्याले नवीन नावाची सवय लावतात," सिंधूताई हळूच म्हणाल्या. "म्हणजे मग ते तिकडं गेल्यावर रडत नाही. मी काही म्हणून नाही राहिली हं. आपलं ऐकलेलं सांगितलं."

त्यांनी ते आपलं ऐकलेलं सांगितलं आणि त्या पुन्हा तांदूळ निवडायला लागल्या. मला मात्र त्या दिवशी जेवण गेलं नाही.

मी शहराच्या सदर भागात पाणी तपासण्याच्या एका प्रयोगशाळेत काम करत होते. नोकरी तात्पुरती होती. कायम करायचं की नाही ते मार्चमध्ये ठरणार होतं, आणि आमचे साहेब लहान मुलांच्या आयांविषयी काय बोलतात ते मी ऐकलं होतं. माझा नवरा मुकुंद बल्लारपूरला नोकरीला होता. महिन्यातून दोनदा यायचा. त्यामुळे ताराला दिवसभर कुठं ठेवायचं हा प्रश्न माझा एकटीचा होता.

प्रयोगशाळेपासून जवळच एक बालसंगोपन केंद्र होतं. पाटीवर सगळ्यात मोठं अक्षर 'शासनमान्य' या शब्दाचं. मी तिथं तीनदा जाऊन आले होते. संचालिका यमुताई, पांढरी साडी, गोड आवाज. "पंचवीस मुलांची मान्यता आहे हो, आणि पंचवीसही भरलीत. एक जरी जागा असती तर तुम्हाला नाही म्हटलं असतं का?" तेव्हा आवारातल्या दोरीवर लहान मुलांचे तीनच लंगोट वाळत होते. मला ते कमी वाटले होते. पण ऊन नसेल त्या बाजूला, दुसरीकडे वाळत घातले असतील, असं मी स्वतःला सांगितलं होतं.

मग ताराला ठेवलं ते महाल भागातल्या बायजाबाईंकडे. एक खोली, पुढं फरशीचं अंगण, सहा-सात मुलं. महिन्याचे पंचवीस रुपये आगाऊ. मान्यता आहे का, असं मी पहिल्याच दिवशी विचारलं तर त्या हसल्या होत्या. "कायची मान्यता बाई? पोट्टे सांभाळाले कोनाची मान्यता लागते?"

आता मला आणखी गोष्टी आठवायला लागल्या. मी सकाळी ताराच्या कपाळाच्या डाव्या बाजूला तीट लावायची. कधीकधी ती संध्याकाळी उजव्या गालावर असायची, चांगली रुपयाएवढी. म्हणजे मधे तिचं तोंड धुतलं होतं आणि कुणाची तरी दृष्ट लागेल असं वाटून नव्यानं तीट लावली होती. घरातल्या घरात खेळणाऱ्या मुलाला कुणाची दृष्ट लागणार? आणि बरोबर त्याच दिवशी ती रात्री जेवायला नको म्हणायची. तोंडाला केळ्याचा वास. बायजाबाईंकडे केळी कधी मी पाहिली नव्हती.

सोमवारी संध्याकाळी मी त्यांना सरळच विचारलं. नत्थूची आई वच्छलाही तिथंच उभी होती. ती संत्र्यांच्या पेट्या भरण्याच्या कामाला जायची, आणि आम्ही दोघी साधारण एकाच वेळी मुलांना न्यायला यायचो.

"बायजाबाई, माझ्या ताराला लतिका कोण म्हणतं?"

"कोन लतिका?" त्यांनी नत्थूचं नाक पुसणं थांबवलं नाही. "पोट्टे शाळा-शाळा खेळतात बाई. हा नत्थू मास्तर होते, अन् बाकीचे हजर होतात."

"माहा नत्थू अन् मास्तर?" वच्छला खो खो हसली. "त्याले त्याची चड्डी सापडत नाही वं माय!"

नत्थू तीन वर्षांचा होता. नवसामुळे त्याचं जावळ अजून काढलेलं नव्हतं. केस मानेच्या खाली आले होते, आणि वच्छलानं ते शेंडीसारखे वर बांधले होते.

मी निघताना बायजाबाई म्हणाल्या, "बुधवारी जरा चांगला फ्रॉक घालून आनजा पोरीले."

"का? बुधवारी काय आहे?"

"काही नाही. चांगली दिसते त्याच्यात."

हे त्यांनी आधीही दोन-तीनदा सांगितलं होतं. मी दर वेळी कौतुकानं तो निळा फ्रॉक काढला होता.

बुधवारीही मी ताराला निळा फ्रॉक घातला, तिला पोचवलं आणि अर्ध्या दिवसाची रजा टाकून गल्लीच्या कोपऱ्यावरच्या पिठाच्या चक्कीत जाऊन थांबले. अकराच्या सुमारास एक सायकल-रिक्षा आली. बायजाबाई चार मुलांना घेऊन तीत बसल्या. तारा त्यांच्या मांडीवर होती. उजव्या गालावर काळा ठिपका मला तिथूनही दिसला.

मी सायकलवरून मागं निघाले. फार जवळ जाता येत नव्हतं आणि मागं राहवत नव्हतं. रेल्वे स्टेशनकडे वळायचा रस्ता आला तेव्हा रिक्षावाल्यानं हात बाहेर काढला, आणि मी जोरात पायडल मारलं. पण तो फक्त एका हातगाडीवाल्याला बाजूला सारत होता. रिक्षा सरळ सदरकडे गेली आणि त्या 'शासनमान्य' पाटीखाली थांबली.

मी सायकल भिंतीला टेकवली आणि व्हरांड्यात गेले. दार उघडंच होतं. सतरंजीवर मुलांच्या रांगा, भिंतीशी बायजाबाईंसारख्याच मुलं घेऊन आलेल्या आणखी दोन-तीन बाया. समोर टेबलावर दूध, केळी, आणि अनुदान देणाऱ्या कचेरीचे तपासनीस मधुकरराव. जाड चष्मा, घाईत असलेला माणूस. ते नावं वाचत होते. बाजूला यमुताई उभ्या होत्या.

"लतिका शालिकराम!"

माझ्या मुलीनं हात वर केला. "हजल, बाई!"

"बाई काय गं? साहेब म्हण," मधुकरराव हसले.

"तारा," मी दारातून म्हटलं.

तिनं वळून पाहिलं, "आई!" म्हणून ओरडली आणि सतरंजीवरून धावत येऊन माझ्या पायांना बिलगली. बायजाबाई खिडकीशी उभ्या होत्या. त्यांनी माझ्याकडे पाहून अगदी थोडी, नकारार्थी मान हलवली.

"लतिका तुमची मुलगी का?" मधुकररावांनी विचारलं.

"घरात तारा म्हणतात हो तिला," यमुताई पटकन बोलल्या. "पाळण्यातलं नाव वेगळं आहे." आणि मग माझ्याकडे वळून, त्याच गोड आवाजात, "नाही का?"

किती सोपं होतं. पुष्कळ मुलांना दोन नावं असतात. मी हो म्हटलं असतं तर सगळेच सुटले असते. नाही म्हटलं तर बायजाबाईंचं दार बंद, हे दार तर बंदच, आणि उद्या सकाळी तारा कुठं? पण ज्या बाटलीत पाणी नाही तिच्यावर मी कधी चिठ्ठी लावली नव्हती, आणि इथं तर माझी मुलगीच बाटली झाली होती.

"हिचं नाव तारा मुकुंद," मी म्हणाले. "दुसरं नाव नाही."

मधुकररावांनी चष्मा पुसला. आता ते विचारतील, उठतील, काही तरी लिहितील, असं मला वाटलं.

"मग लतिका कुठं आहे?"

"तिला आज ताप आहे," यमुताई म्हणाल्या.

"गैरहजर," मधुकरराव पुटपुटले आणि त्यांनी पुढचं नाव घेतलं. त्यांना आश्चर्य वाटलं नव्हतं. मला सगळ्यात जास्त भीती वाटली ती त्याची.

ते गेल्यावर यमुताईंनी मला आतल्या खोलीत बसवलं. "उद्यापासून ताराला आणा. एक जागा आहे."

"परवापर्यंत नव्हती."

"आता झाली ना." त्यांनी पावतीपुस्तक ओढलं. "उगाच इकडंतिकडं बोलू नका म्हणजे झालं. लतिका केव्हाच भिलाईला गेली हो तिच्या आईबापांबरोबर. कागदावरून नाव काढायचं राहून गेलं, एवढंच."

मी पैसे भरले आणि पावती घेतली. तिच्यावर ताराचं नाव शुद्ध लिहिलं होतं.

तारा तिथं बरी राहिली, हे खरं आहे. दूध मिळायचं, दुपारी पंख्याखाली झोप. अनुदान पंचवीस मुलांचं यायचं आणि खरी मुलं सहा-सातच होती, त्यामुळे आया लक्ष द्यायची. मार्चमध्ये मी कायम झाले. तरी रोज घरी जाताना सायकलवर मी मागून हळूच म्हणायची, "लतिका." आधी तारा हात वर करायची. मग नुसती हसायची. नंतर नंतर ती इकडंतिकडं पाहायला लागली, जणू लतिका नावाची कुणी दुसरी जवळपास असेल.

एप्रिलमध्ये एकदा मी लवकर तिला आणायला गेले. फाटकाशी ओळखीची रिक्षा उभी होती आणि बायजाबाई मुलांना चढवत होत्या. मला पाहून त्यांनी पदर पुढं ओढला.

"आई," तारा आनंदानं म्हणाली, "ती बघ लतिका!"

तिनं बोट दाखवलं तिथं दोन वेण्यांना लाल रिबिनी बांधलेलं, गुलाबी फ्रॉकातलं मूल बसलं होतं. केळं खात होतं. गालावर तीट. मी नीट पाहिलं. तो नत्थू होता.

पावती माझ्या पर्समध्येच होती. यमुताई व्हरांड्यातून माझ्याकडे पाहत होत्या. मी काय करते ते त्यांना पाहायचं होतं. मी ताराला सायकलच्या पुढच्या सीटवर बसवलं आणि घराकडं न जाता बायजाबाईंच्या गल्लीत जाऊन थांबले.

वच्छला आली तेव्हा तिच्या लुगड्याला संत्र्यांचा वास येत होता. "काय वं, तू इकडं? तुही पोरगी तं मोठ्या शाळंत गेली ना?"

"वच्छला, नत्थूला एकदा लतिका म्हणून हाक मार."

"काहून? तो काय पोट्टी आहे?"

"मार तर खरी."

तिला गंमत वाटली. तिनं अंगणाच्या दाराशी तोंड नेलं आणि हसतहसत ओरडली, "ए लतिके!"

आतून खणखणीत आवाज आला, "हजर, बाई!"

वच्छलाचं हसू गेलं. ती हळूच माझ्याकडे वळली. "हे कोनं शिकवलं त्याले?"

उद्यापासून ताराला कुठं ठेवायचं ते मला माहीत नव्हतं. मी सायकल स्टँडला लावली आणि वच्छलाला त्या पहिल्या रविवारापासून सांगायला सुरुवात केली.