गुढियारीच्या नळाचं पाणी

गुढियारीच्या वस्तीत कॉलऱ्याची साथ आली आणि शाळकरी पिंकी तिच्यात गेली. वस्तीतल्या लोकांनी राग काढला तो शेवंताबाईवर. ती कोपऱ्यावर गुपचुप, म्हणजे पाणीपुरी विकायची. तिचा ठेला नाल्यात ढकलला. पाणी खात्याच्या साहेबांनीही कॅमेऱ्यापुढे सांगून टाकलं, "साथ ठेल्यामुळेच पसरली."

अनुश्री प्रयोगशाळेत जंतू तपासायची. ठेल्यावरचं चिंचेचं पाणी आणि नळाचं पाणी, दोन्ही तिच्याकडे आलं होतं. चिंचेच्या पाण्यात काहीच निघालं नाही. तेवढ्या आंबटपणात कॉलऱ्याचा जंतू तगतच नाही. नळाच्या पाण्यात मात्र तो निघाला.

तिचे वरिष्ठ निरंजन सर म्हणाले, "नळाचं सध्या राहू दे. वरून फोन आला होता."

अनुश्रीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "सर, हा जंतू शंभराहून जास्त वर्षांपूर्वी माणसानं भिंगाखाली पाहिला. तो पाण्यातून पसरतो, हे तेव्हाच कळलं. आणि आपण आज पाहूनही गप्प बसायचं? लोक आत्ता तेच पाणी पिऊन राहिले!"

ती तशीच स्कूटीवरून गुढियारीत गेली. नळावरच्या बायांना ओरडून सांगितलं, "उकळल्याशिवाय थेंब पिऊ नका!" मग पाइपच्या कडेनं चालत गेली. तो गटारातून गेलेला, सांधा फुटलेला. तिनं तिथंच मोबाइलवर चित्रण करून सगळ्यांना पाठवलं.

पाइप बदलला. नव्या पाइपशेजारी पाणी खात्याच्या त्याच साहेबांनी फोटो काढून घेतला. अनुश्रीच्या हातात मात्र नोटीस पडली. शेवंताबाईचा दोष नव्हता, असं कोणी म्हणालं नाही.

"पिंकीची माय अजून मले पाहून दार लावते," शेवंताबाई अनुश्रीला म्हणाली.

"चला, मी सांगते तिला."

पिंकीच्या आईनं, कलावतीनं, अनुश्रीसाठी दार उघडलं आणि मागे शेवंताबाई दिसताच तोंड फिरवलं. अनुश्रीनं सगळं सांगितलं. कलावती भिंतीला टेकून खाली बसली.

"मीच पाजलं तिले ते पाणी," ती म्हणाली. "उलट्या होऊन राहिल्या होत्या, तर अजून पाजलं. ग्लासावर ग्लास."

शेवंताबाई पुढे झाली, तिच्याजवळ बसली. "तुले का मालूम होतं, बाई? ज्याले मालूम व्हायला पाहिजे होतं, तो तर फोटो काढून राहिला."

मग कलावतीनं पदरानं तोंड पुसलं आणि उठून पायात चपला घातल्या.

"कुठं बसते तो साहेब?"

"दाखवते," अनुश्री म्हणाली.

तिघी निघाल्या. नळावरच्या बायांनी विचारलं, कुठं चालल्या? आणि ऐकल्यावर, हंडे तिथंच ठेवून त्याही मागे आल्या.