सतराशे बासष्ट

कामिनीवहिनीचा फोन आला तेव्हा मी सासूबाईंच्या डोळ्यांत औषधाचे थेंब घालत होते. मोतीबिंदू काढल्यापासून दिवसातून सहा वेळा थेंब, आणि दर वेळी त्या डोळा घट्ट मिटून घेतात. फोन स्पीकरवर ठेवला.

"मिनल, या रविवारी तू ये. यांच्या त्या सहलीला. नीट पहा आणि सांग, जमून राहिलं का त्यांना ते."

"वहिनी, तुम्ही रोज बघता दादाला. तुम्हीच सांगा ना."

"मी सांगितलं की भांडण होते. मागच्या महिन्यात स्कूटर कुठं लावली तेच आठवेना. दुपारी दोनला ऑटोनं आले घरी, घामाघूम. मी म्हटलं, बंद करा आता. तर म्हणाले, तुला काय समजते त्यातलं. मग मी म्हटलं, मिनल म्हणेल तर? तर म्हणाले, मिनल म्हणाली तर एका शब्दानं विचारणार नाही. बंद."

सासूबाईंनी डोळा उघडला. मी थेंब टाकला.

घरातले असले निकाल माझ्याकडेच येतात. आमच्या वडिलांचं, आबांचं, ऑपरेशन करायचं की नाही हेही शेवटी मीच सांगितलं होतं. मी एकतीस वर्षं कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवलं, प्रात्यक्षिक परीक्षांना गावोगाव परीक्षक म्हणून गेले. पण कारण ते नाही. मला लोकांसमोर रडू येत नाही, एवढंच कारण आहे.

गिरिधरदादा माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठा. टपाल खात्यात होता. नोकरीत असतानाच एका संस्थेसाठी त्यानं ही सहल सुरू केली: महिन्यातून एक रविवार, सकाळी सात ते अकरा, जुनी मशीद, जुनं चर्च आणि इंग्रजांचं कब्रस्तान. वीस वर्षं झाली. मी एकदाही गेले नव्हते. रविवारी काही ना काही असायचंच.

मार्च संपत आला होता. सातलाच गांधी गेटजवळ ऊन जाणवत होतं. आम्ही दोघं सोडून चौदा माणसं होती. दादानं पिवळी छत्री उघडून डोक्यावर उंच धरली, लोकांना गर्दीत दिसावी म्हणून.

"ही माझी धाकटी बहीण," तो म्हणाला. "फिजिक्सची. आज माझी व्हायवा आहे."

लोक हसले. मीही हसले. पर्समध्ये छोटी वही होती, ती मी अजून काढली नव्हती.

इतवारीतल्या भांड्यांच्या बाजारामागून आम्ही गल्लीत शिरलो. काटोलहून एक जोडपं आलं होतं, ताराचंदभाऊ आणि गोपिकाबाई. त्यांच्या पुण्यातल्या मुलीनं मोबाइलवरून त्यांची नावं घातली होती.

"मले वाटलं ताजबागच्या दर्ग्यावर नेतीन," गोपिकाबाई मागून म्हणत होत्या. "हे तं भलतीच गल्ली निघाली."

"चाल वं. पोरीनं हौसेनं केलं."

"पोरीले काय होते पुण्यात बसून. माहे गुडघे दुखून राहिले."

"माहे काय लोखंडाचे आहेत?"

"तुमचं तोंड आहे लोखंडाचं. दुखतच नाही."

चुनेवाली मशीद लहान आहे. अंगण, हौद, तीन कमानी. आम्ही बायकांनी डोक्यावर पदर, ओढण्या घेतल्या आणि अंगणातच थांबलो. दादा बोलायला लागला आणि मला जरा हलकं वाटलं. आवाज स्वच्छ होता, क्रम बरोबर होता. चुना कसा भिजवत, त्यात गूळ आणि बेलफळ का घालत, हे त्यानं मलाही पटेल असं सांगितलं. मग पश्चिमेच्या भिंतीतल्या कोनाड्याकडे हात केला आणि थांबला. हात तसाच राहिला. दोन सेकंद, तीन, चार.

फरशी पुसणारे शब्बीरभाई वर न बघता म्हणाले, "मेहराब, सर."

"मेहराब," दादा म्हणाला आणि पुढे बोलू लागला.

मी वही काढली आणि पहिली नोंद केली. शब्द अडकणं कोणाचंही होतं, हेही कंसात लिहिलं.

बाहेरच्या दरवाजावर एक शिलालेख आहे. काळा दगड, उठावाची अक्षरं. गोपिकाबाईंनी मान वर करून पाहिलं.

"हे वाचता येते का जी सर तुमाले?"

"नाही येत," दादा म्हणाला. "शब्बीरभाईंच्या वडिलांनी वाचून दिलं. अकराशे चाळीस हिजरी. आणि त्याचं आपलं इसवी सन काढलं हिनं." छत्रीचं टोक माझ्याकडे वळलं. "सतराशे बासष्ट. म्हणजे भोसल्यांचा अंमल. वीस वर्षांत माझ्या भाषणात बरंच बदललं, पण हे सन नाही."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. गोपिकाबाई कौतुकानं म्हणाल्या, "बाई हुशार दिसते."

मला वीस वर्षांपूर्वीचा तो फोन आठवला. समोर प्रात्यक्षिकांच्या चाळीस वह्या होत्या, कुकरची दुसरी शिट्टी झाली होती, मुलगा तापानं निजला होता. दादानं विचारलं, हिजरीचं सन कसं करायचं गं? मी म्हटलं, सहाशे बावीस मिळव आणि रिसीव्हर ठेवला.

हिजरी वर्ष चंद्राचं असतं, तीनशे चौपन्न दिवसांचं. आपल्यापेक्षा अकरा दिवस लहान. म्हणजे दर तेहतीस वर्षांमागे एक वर्ष जास्त मोजलं जातं. नुसतं मिळवून चालत नाही. हे मला त्या दिवशीही माहीत होतं. दर वर्षी ग्रहणं शिकवताना मी चंद्राच्या बारा फेऱ्यांचे दिवस फळ्यावर लिहीत असे. दरवाजाच्या सावलीत उभं राहून मी वहीत गुणाकार केला. सतराशे सत्तावीस आलं. पुन्हा केला. तेच आलं.

पस्तीस वर्षांची चूक. दशांश चिन्ह चुकलं तर मी मुलांचा अर्धा गुण कापत असे.

टेम्पो ट्रॅव्हलरनं आम्ही सदर भागातल्या चर्चला गेलो. मी खिडकीशी बसले आणि डोळे मिटले. झोप येत नव्हती, फक्त डोळे उघडे ठेवावेसे वाटत नव्हते.

चर्चमध्ये दादा रंगीत काचांबद्दल बोलला, लाकडी छताबद्दल बोलला. सगळं ठीक होतं. बोलून झाल्यावर तो उजवीकडच्या छोट्या दाराकडे निघाला. ते दार मागच्या गल्लीत उघडतं. तिथे चर्चची देखभाल करणारे अल्बर्टबाबू दोन्ही हात पसरून उभे होते, पाहुण्यांचं स्वागत करावं तसे.

"या सर, इकडून, मोठ्या दारानं."

दादा वळला. लोक त्याच्यामागे गेले. मी मागे राहिले.

"तुम्ही नेहमी इथे उभे राहता?"

"दिवाळीपासून, मॅडम," ते हळू आवाजात म्हणाले. "एकदा सर या दारानं निघून गेले. लोक इथंच बाकांवर. अर्ध्या तासानं मी त्यांना बाजाराच्या तोंडाशी गाठलं. लोकांना म्हटलं, सरांचा फोन आला होता." माझ्या हातातल्या वहीकडे त्यांची नजर गेली. "हे लिहू नका हो."

माझं लिहून झालं होतं.

कब्रस्तानात कडुनिंबाची पानगळ चालू होती. दादानं एका लहान थडग्याजवळ सगळ्यांना उभं केलं. कोणा इंग्रज सार्जंटची चार वर्षांची मुलगी, पटकीनं गेलेली. बापाची पलटण दुसऱ्याच दिवशी पुढे निघणार होती. त्याला दगडासाठी थांबता आलं नाही. अकरा वर्षांनी तो सुट्टी घेऊन आला, तेव्हा हा दगड बसला. दादानं हे इतक्या साधेपणानं सांगितलं की गोपिकाबाईंनी पदरानं डोळे पुसले. मी वही मिटून ठेवली होती.

दहा मिनिटांनी, दुसऱ्या टोकाला, त्यानं आम्हाला पुन्हा थांबवलं.

"इथे एक सार्जंटची मुलगी आहे," तो म्हणाला. "चार वर्षांची."

तेच शब्द. 'दुसऱ्याच दिवशी' म्हटल्यावर तोच थांबा. समोरच्या दगडावर काहीच कोरलेलं नव्हतं. दोन तरुण मुलींनी एकमेकींकडे पाहिलं आणि एकीनं मान खाली घातली.

"हे तं झालं सांगून," ताराचंदभाऊ कुजबुजले.

"सांगू द्या जी," गोपिकाबाई म्हणाल्या. "दर श्रावणात तीच पोथी ऐकतोच ना आपण? तवा तं नाही म्हणत, झालं सांगून."

त्यांनी पुन्हा पदर डोळ्यांशी नेला. खरोखर रडल्या की नाही, मला सांगता येणार नाही.

फाटकाबाहेर पोह्यांची गाडी होती. लोकांनी प्लेटा घेतल्या. आम्ही दोघं चहा घेऊन कठड्यावर बसलो. दादानं छत्री मिटून मांडीवर ठेवली.

"बोल. किती मार्क?"

"आधी माझं ऐक. मशिदीचं सन चुकलंय. चूक माझी आहे." मी त्याला चंद्राचं वर्ष समजावून सांगितलं. तो नीट ऐकत होता, मध्ये एक प्रश्न विचारला, तोही बरोबर होता. "सतराशे सत्तावीस पाहिजे," मी म्हटलं.

"पस्तीस वर्षांचा फरक."

वजाबाकी त्यानं माझ्याआधी केली होती.

"म्हणजे गोंड राजाच्या वेळची. आणि मी वीस वर्षं भोसल्यांच्या पदरात घालून राहिलो." तो हसायला लागला. "आबा किती खूश झाले होते, आठवते? भोसले म्हणजे आपले जुने मालक, त्यांच्या अमलातली मशीद म्हणून चार लोकांना सांगत फिरले."

"तू तपासून का नाही पाहिलंस, दादा?"

"तू सांगितलेलं काय तपासायचं?"

मग तो म्हणाला, "लिहून दे." मी वहीचं पान फाडून मोठ्या आकड्यांत लिहून दिलं. त्यानं ते तीनदा मोठ्यानं म्हटलं, लहानपणी आम्ही पाढे म्हणायचो तसं, आणि घडी करून शर्टाच्या खिशात ठेवलं.

माझ्या वहीत तीन नोंदी होत्या: मेहराब, चर्चचं दार, दोनदा सांगितलेलं थडगं. तीन नोंदींवर मी कोणा विद्यार्थ्याला नापास केलं नसतं. निघताना वहिनींना काय सांगायचं ते मी मनात जुळवत होते. महिन्याऐवजी दोन महिन्यांनी एकदा, कोणीतरी सोबत, असं काहीतरी. माझे पाय दुखत होते आणि मला घरी जायचं होतं.

तेवढ्यात ताराचंदभाऊ फोन कानाशी धरून आले.

"सर, पोरगी विचारून राहिली, ते मशिदीचं सन कोणतं म्हणले जी तुमी?"

"सतराशे बासष्ट," दादा म्हणाला. एका क्षणाचाही वेळ न लावता, तोच स्वच्छ आवाज.

मी चहाच्या कपाकडे पाहिलं. उशीर झाला होता. त्यानं माझा चेहरा पाहिला होता. त्याचा हात खिशाकडे गेला. त्यानं घडी उलगडली, वाचली, पुन्हा एकदा वाचली.

"थांबा," तो म्हणाला. "सतराशे सत्तावीस. लिहून घ्यायला सांगा तिला. आधीचं चुकीचं होतं."

"बरं जी," म्हणत ताराचंदभाऊ गेले.

दादानं कागद परत खिशात ठेवला नाही. हातातच ठेवला.

"किती वेळ झाला गं? तू हे सांगितल्याला?"

"पाच मिनिटं."

"हं." तो रस्त्याकडे बघत होता. एक ई-रिक्षा आली, थांबली, गेली. "नवीन काही बसत नाही आताशा. जुनं सगळं आहे. मला वाटलं होतं, या कामाला जुनंच लागते."

मी वही मिटून मांडीवर ठेवली.

"झाली ना व्हायवा?"

"झाली."

"मग सांग. माझ्यासाठी म्हणून काही गोड करू नको."

"थांब आता, दादा," मी म्हटलं. माझा आवाज नेहमीसारखाच निघाला.

त्यानं मान हलवली. कपातला गार चहा पिऊन टाकला. "सनामुळे नाही ना?"

"नाही. सन माझं होतं."

"मग ठीक आहे." त्यानं कागद माझ्याकडे दिला. "हा शब्बीरभाईंना नेऊन दे कधी. दारावर बोर्ड लावायचा म्हणत होते. आणि कामिनीला मीच सांगतो. तू घरी जा, थकलेली दिसतेस."

मग तो उठला, छत्री उघडली आणि लोकांना हाक मारली. लोक प्लेटा टाकून, हात पुसत ट्रॅव्हलरकडे निघाले. गोपिकाबाई शेवटी, गुडघ्यावर हात ठेवून. "सर, पुढच्या टायमाले माह्या बहिणीले आणतो," त्या म्हणाल्या. दादा म्हणाला, "आणा ना." दाराशी उभं राहून तो एकेकाला बोटानं मोजत होता. मीही मागे उभी राहून मोजत होते.

"चौदा," तो ड्रायव्हरला म्हणाला. "चला."

चौदाच होते. मी वही उघडली आणि तेही लिहिलं.